सुपडू, तुझं घड्याळ तीन मिनिटं मागे आहे

सुपडू, तुला शेवटचं न्यायला आलो तो मी उशिरा आलो. दुसऱ्या कुणी तिखटमीठ लावून तुझ्यापर्यंत पोचवण्याआधी मीच सांगून टाकतो.

निरोप पहाटे आला. शेजारी केळीच्या अडत्याकडे फोन आहे, त्याने दार वाजवलं. "मास्तर, धुळ्याहून ट्रंककॉल होता. तुमचे सुपडूभाऊ... दहाला नेणार म्हणे." मी बरं म्हणालो. माणूस गेल्याचं ऐकून बरं म्हणायची ही माझी रीत. सुमनने चहा टाकला, तो मी प्यायलो की नाही आठवत नाही. अंधारात फळीवर हात घातला, घड्याळ मनगटावर बांधलं आणि जळगावहून पहिली एस.टी. पकडली.

धुळ्याच्या स्टँडवर उतरून घड्याळ पाहिलं तर बराच वेळ हाताशी. म्हटलं, इतक्या लवकर जाऊन बायकांच्या रडण्यात मध्येच कुठं उभं राहायचं? हार घेतला. चहा घेतला. तो गार करून प्यायलो. मग तुझ्या गल्लीत शिरलो, तर दारात कुणी नाही. ओटा धुऊन झालेला. समोरच्या घरातला माणूस म्हणाला, "मास्तर, आता येताय? केव्हाच नेलं!"

पांझरेच्या काठाला धावत गेलो. एका चपलेचा अंगठा तुटला, ती हातात. दुसऱ्या हातात हार. तुला अग्नी देऊन झाला होता. तुझ्या थोरल्या भावाने, आबाजींनी, माझ्याकडे वरपासून खालपर्यंत पाहिलं आणि एवढंच विचारलं, "मास्तर, हातात घड्याळ शे ना?"

होतं रे. पण ते आपलं होतं.

आता इथं तू जरा थांब, मला वाचणाऱ्यांना समजावून सांगू दे. आपलं मंडळ गुप्त आहे हे मला मान्य. पण चौघांतला मी एकटा उरलो, आणि एकट्यानं ठेवलेल्या गुपिताला काही चव नसते.

तर, रेडिओवर सांगतात ती वेळ अख्ख्या देशाची. ती धरली आहे कुठल्या तरी दूरच्या पूर्वेकडच्या रेषेवरून. जळगावच्या डोक्यावर सूर्य आणि तारे येतात ते त्या रेषेनंतर अर्ध्या तासाला थोडं कमी इतक्या वेळानं. म्हणजे जळगावची म्हणून एक स्वतःची वेळ आहे, ती रेडिओच्या मागे चालते, आणि तिला विचारणारं कुणी नाही. ती वेळ ताऱ्यांवरून काढायची आणि जपून ठेवायची, एवढंच आमच्या मंडळाचं काम. नाव ओळंबा मंडळ. प्रत्येकाजवळ एक जादा घड्याळ, जळगावच्या वेळेवर लावलेलं. त्या पहाटे अंधारात मी रोजच्याऐवजी तेच उचललं. दुसरं काही नाही.

म्हणजे आपल्या वेळेनं मी अगदी वेळेवर आलो होतो, सुपडू. तू असतास तर आबाजींना हे पटवून दिलं असतंस. मला काही ते जमलं नाही. मी तुटक्या चपलेकडे बघत उभा राहिलो.

मंडळ काढलं आबांनी, आबाजींनी नव्हे, आमच्या जळगावच्या आबांनी. जन्मभर रेल्वेत गार्ड. हिरवी झेंडी दाखवण्यात आयुष्य गेलं, आणि निवृत्त झाल्यावर म्हणाले, "आजवर गाडीच्या वेळेनं जेवलो, गाडीच्या वेळेनं झोपलो. आता मरेपर्यंत माझ्या गावाच्या वेळेनं." पिंप्राळ्याला त्यांचं घर, तेव्हा भोवती शेतंच होती. गच्चीवर गवंड्याचा पितळी ओळंबा बांबूला टांगलेला, त्याच्या मागे दुसरी दोरी. दोन्ही दोऱ्या एकात एक दिसतील असं उताणं पडायचं आणि ठरलेला तारा त्यांच्यामागे जाईपर्यंत पापणी पाडायची नाही.

हे काम एकट्याचं नाही. एकानं तारा बघायचा, दुसऱ्यानं घड्याळ. तारा बघणाऱ्यानं घड्याळाकडे बघायचं नाही, आणि घड्याळवाल्यानं ताऱ्याकडे पाठ करून बसायचं, म्हणजे लबाडीला जागा नको. दोरीला तारा टेकला की पडलेल्यानं ओरडायचं, "टेकला!" पाठमोऱ्यानं त्या क्षणी काटा वाचायचा. दुसरा नियम, बायकोला सांगायचं नाही. मी आबांना विचारलं होतं, का? ते म्हणाले, "सरकारची वेळ सोडून दुसरी वेळ ठेवणाऱ्याला लोक वेडा म्हणतात. लोकांचं मी सोसेन. घरात कसं सोसू?" म्हणून घरी सांगायचं, मंगळवारचं भजन. सुमन दर मंगळवारी विचारायची, "टाळ नाही घेतले?" मी म्हणायचो, आबांकडे आहेत. इतकी वर्षं भजनाला जाणारा हा माणूस देवापुढे एक अभंग धड म्हणत नाही, याचं तिला कधी नवल वाटलं नाही, हे मला विशेष वाटायचं. माझं निरीक्षण हे असं.

तुला डोळे दिले होते देवानं. माझा चष्मा तुला ठाऊक आहे. पहिल्याच दिवशी मी 'टेकला' म्हणून ओरडलो, तेव्हा तारा दोरीच्या अलीकडे वीतभर होता, असं तू म्हणालास. दुसऱ्यांदा ओरडलो ते विमान निघालं. तेव्हापासून मी कायमचा पाठमोरा. ओळंबा मंडळाचा जुना सभासद, आणि एकही तारा मी दोरीवर टेकताना पाहिला नाही. माझ्या वाटणीला ताऱ्याऐवजी तुझा आवाज आला.

झुंबरशेठ तुला आठवतात तसे मलाही आठवतात. कापडाचं दुकान, धर्मानं जैन, दिवस बुडाल्यावर तोंडात पाणीसुद्धा नाही. ते मंडळात आले ते जळगावला सूर्य नक्की कधी बुडतो हे कळावं म्हणून. कळल्यावर हिरमुसले. "म्हणजे मी आजवर पाच घास कमी खात होतो, मास्तर?" पुढं मुलाकडे इंदूरला गेले आणि तिकडचेच झाले.

आणि लढाईच्या दिवसांतला तो ब्लॅकआउट. गाव काळंठिक्कर, आणि वर आभाळ असं उघडलेलं की आबा म्हणाले, "आता कळलं, वीज येण्याआधी लोक काय बघायचे." तू दोरीखाली उताणा. मी पाठ करून, कंदिलावर पोतं टाकून काटा बघतोय. खालून वॉर्डनचा आवाज, "वर उजेड कुणाचा आहे?" आणि तो जिना चढून आलाच. त्यानं काय पाहिलं असेल! लोंबत्या दोरीखाली एक माणूस ताठ पडलेला, दुसरा त्याच्याकडे पाठ करून पोत्यात तोंड घातलेला.

"काय चाललंय हे?"

"भजन," आबा शांतपणे म्हणाले.

"आणि हा?"

"त्याची समाधी लागली."

"मग म्हणा की भजन. मीही ऐकतो."

सगळ्यांनी माझ्याकडे पाहिलं, कारण मी मराठीचा मास्तर. मला त्या घटकेला फक्त गणपतीची आरती सुचली. थंडीच्या दिवसांत मी ती सुरू केली, दुसऱ्या कडव्याला अडलो, आणि झुंबरशेठनी तीर्थंकरांचं काहीतरी त्यात मिसळून दिलं. इतक्यात तू बोंबललास, "टेकला!" वॉर्डन दोन पायऱ्या मागे गेला. मी आरती न थांबवता काटा वाचला. त्यानं कंदील तेवढा विझवायला लावला आणि जाताना आबांना बाजूला घेऊन म्हणाला, "त्या पडलेल्या माणसाला डॉक्टरला दाखवा." महिनाभर आम्ही तुला पेशंट म्हणत होतो.

आबा गेले त्या दिवशी संध्याकाळी मी घरीच बसणार होतो. तू दाराशी आलास, डोळे सुजलेले. "चाल मास्तर. आबानी वेळ चुकाले नको." आबांची वेळ चुकू नये म्हणून आपण दोघं त्यांच्या गच्चीवर गेलो. तू पडलास, मी पाठ केली. तू ओरडलास तेव्हा आवाज फाटला होता. मी काटा वाचला, आणि आपण जिन्यावर बसून कुणाच्या तरी घरून आलेलं भरीत आणि कळण्याची भाकरी खाल्ली. त्या संध्याकाळी मला सावरलंस, हे तुला सांगायचं राहिलं. अशी राहिलेली बरीच आहेत. तीही सांगेन, हळूहळू. आता तुला कुठली घाई?

मग तुझी पाटबंधाऱ्याच्या ऑफिसातून धुळ्याला बदली झाली, आणि आपलं ते भांडण सुरू झालं.

धुळं जळगावच्या पश्चिमेला. तोच तारा तिथं तीन मिनिटं उशिरा डोक्यावर येतो. पहिल्याच सुट्टीला तू आलास, ओट्यावर बसलास आणि म्हणालास, "मी घड्याळ धुळ्यावर लावलं."

मला वाटलं, तू मंडळ सोडलंस. "आपण जळगावची वेळ ठेवतो, सुपडू. आबांनी ती ठेवली."

"आबा जळगावले राहत व्हते म्हणून. तारा जठे डोकावर, तठलीच वेळ खरी शे. बाकी बठ्ठं रेडिओच."

"म्हणजे माणसाची बदली झाली की त्याची वेळही बदलायची?"

"मग काय! पगार तठे, पाणी तठे, वेळ जळगावनी? आणि तू कोणती वेळ ठेवस रे? तुन्हा तारा कोण बघस? रेडिओची वेळ घेऊन वजाबाकी करस तू. उसनी वेळ!"

हे माझ्या वर्मी लागलं, कारण खरं होतं. तू धुळ्याला गेल्यावर मी आबांचा ओळंबा आमच्या गच्चीवर आणून टांगला होता, पण पाठ कुणाकडे करू? तू आलास की तेवढा एक दिवस घड्याळ खरं व्हायचं, एरवी वजाबाकी. मग मी चिडून म्हणालो, तडजोड करू, पारोळा मध्ये आहे, पारोळ्याची वेळ धरू. तू हसून लोळायचा बाकी राहिलास. "पारोळ्यात आपलं कोण शे?"

दर भेटीला हेच. तू आलास तरी, मी धुळ्याला आलो तरी. चपला काढायच्या आधी एकमेकांची मनगटं ओढायची. तीन मिनिटं! आणि घड्याळं कसली, तर महिन्याला त्याहून जास्त पुढंमागं होणारी. इंदूवहिनी शेवभाजी वाढताना म्हणायच्या, "पहिलं जेवा, मग भांडा." मी दोन घास जास्त खायचो, म्हणजे जोर यावा. मी परत जाताना एस.टी.च्या खिडकीखाली उभा राहून तू ओरडायचास, "पुढच्या खेपेला हरस तू, मास्तर!" मी ती पुढची खेप मोजत घरी यायचो. तुझी बदली झाल्यापासून मंगळवार फार लांब झाला होता. मी घरी अजूनही भजनाला म्हणून निघायचो, मेहरुणच्या तलावापर्यंत चालायचो आणि परत यायचो. हेही तुला सांगितलेलं नाही. सांगितलं असतं तर तू म्हणाला असतास, मग धुळ्याची वेळ मान्य कर, हप्त्याला येतो.

तेराव्याला मी परत आलो. या खेपेला रोजचं घड्याळ घातलं आणि आपलं खिशात ठेवलं. इतक्या लवकर पोचलो की मंडपवालाही यायचा होता. आबाजी म्हणाले, "मास्तर, आज तुम्ही आचाऱ्याच्याही आधी." मी खुर्च्या मांडू लागलो.

जेवणं उरकल्यावर इंदूवहिनींनी मला आतल्या खोलीत बोलावलं. फळीवरून तुझं ते घड्याळ काढलं. चालू होतं.

"रोज किल्ली देते," त्या म्हणाल्या. "बंद पडू द्यायचं नाही असं त्यांचं होतं."

मी सवयीनं खिशातलं माझं काढलं आणि शेजारी धरलं. तुझं तीन मिनिटं मागे असायला हवं होतं. नव्हतं. दोन्ही काटे एकावर एक. मला वाटलं, तुझं पुढं धावलं असेल, नाहीतर माझं मागं पडलं असेल.

"वहिनी, हे धुळ्याच्या वेळेवर होतं ना?"

"मास्तरभाऊ, ते घड्याळ कधीच धुळ्याचं नव्हतं. ते गच्चीवर पडायचे, मी पाठ करून बसायचे. ते ओरडले की मी काटा सांगायचे. मग इथं तारा जेवढा उशिरा येतो तेवढी मिनिटं हिशेबात धरायचे, आणि घड्याळ जळगावचं करून ठेवायचे."

म्हणजे माझी जागा तू वहिनींना दिली होतीस. खोटं कशाला बोलू, एवढ्या दुःखातही मला आधी त्याचाच राग आला. आबांचा नियम! मी मेहरुणला चकरा मारतोय, आणि हा बायकोला पाठमोरी बसवून राजरोस वेळ काढतोय!

मग दुसरी गोष्ट डोक्यात शिरली. "मग माझ्याशी भांडायचा कशाला तो?"

वहिनींनी पदर डोळ्यांना लावला, आणि त्यातूनच थोडं हसल्या. "मीही तेच विचारलं होतं. तर म्हणे, भांडण मिटनं तर मास्तर येवाव नही."

सुपडू, एवढा मोठा माणूस, एवढी साधी गोष्ट तोंडानं सांगता येत नव्हती का तुला? ये म्हटला असतास तर मी आलो नसतो? आलो असतो... बहुतेक. शाळा आहे, पेपर तपासायचे आहेत, सुमनच्या भावाकडे काहीतरी आहे, असं म्हणत पुढच्या महिन्यावर टाकलं असतं. पण तुला हरवायला मी उन्हातान्हात, उभ्यानं प्रवास करून आलो. तू मला माझ्याहून जास्त ओळखत होतास. तुझ्या मनगटावर सगळा वेळ जळगाव होतं, आणि मी ते ओढून बघायचो तेव्हा? तेव्हा तू मी यायच्या आधी काटा तीन मिनिटं मागे घेत असशील. मी गेल्यावर पुन्हा पुढे. दर खेपेला. दाराआड उभा राहून, जीभ बाहेर काढून, त्या बारीक किल्लीशी खटपट करणारा तू मला अगदी दिसतोस.

वहिनींनी घड्याळ माझ्या हातात ठेवलं. "तुम्ही न्या. मला आता पाठ करून बसवत नाही."

एस.टी.त खिडकीशी जागा मिळाली. खाली उभं राहून ओरडणारं कुणी नव्हतं. दोन घड्याळं दोन मुठींत घेऊन बसलो होतो, आणि ती अगदी बरोबर चालत होती. एका सुरात टिकटिक. मला ते सोसेना. आता ही दोन्ही माझीच झाली, एकाच वेळेची. पारोळ्याला गाडी थांबली, लोक चहाला उतरले. मी उतरलो नाही. तुझ्या घड्याळाची किल्ली ओढली आणि काटा तीन मिनिटं मागे नेला. धुळ्यावर. शेजारच्या म्हातारबांनी विचारलं, "बिघडलं का घड्याळ?" मी म्हणालो, "नाही, दुरुस्त केलं."

दिवस बुडताना घरी आलो. सुमन धाकटीच्या परीक्षेमुळे मागे राहिली होती. "वहिनी कशा आहेत?" तिनं विचारलं. बऱ्या आहेत म्हणालो आणि तसाच गच्चीवर गेलो. दोन्ही घड्याळं कठड्यावर ठेवली. मनात ठरवलं होतं की आज ओळंबा उतरवून ठेवायचा. एकट्याचं काम नव्हे ते. आबांनी सुरू केलं, तू चालवलंस, माझ्या हातून संपायचं असेल तर संपू दे.

पण सोडायच्या आधी म्हटलं, एकदा बघू तरी. इतकी वर्षं पाठ करून बसलो, तू काय बघत होतास ते एकदा बघावं. सतरंजी टाकली, चष्मा पुसला, उताणा पडलो. अंधार झाला. दक्षिणेला व्याध लखलखत होता, तो माझ्या चष्म्यातूनही चुकायचा नाही. दोन्ही दोऱ्या एकात एक आणल्या. तारा जागचा हलत नाही असं वाटलं. मग कळलं, हलतोय. इतकं हळू, आणि तरी इतकं ठाम! दोरीजवळ आल्यावर तो जरासा थरथरला. की माझ्याच डोळ्यांतलं पाणी ते. आणि दोरीमागे गेला.

मी ओरडलो. "टेकला!" सवय तुझी, आवाज माझा. वाड्यावस्तीतली कुत्री भुंकली. वेळ सांगायला कुणी नव्हतं. मी तसाच पडून राहिलो. तू धुळ्याला पहिल्यांदा एकटा पडला असशील गच्चीवर, वहिनींना सांगायच्या आधी, तेव्हा असंच ओरडून गप्प राहिला असशील, असं मनात आलं.

मागून बांगड्या वाजल्या.

मान वळवली तर सुमन कठड्याशी खाली बसलेली. ताऱ्याकडे पाठ. कंदील पदराआड. दोन्ही हातांत दोन घड्याळं.

"तू कधी आलीस?"

"मघाशी. पाठ करूनच बसायचं ना?"

"तुला कुणी सांगितलं?"

"इंदूवहिनींनी. भाचीच्या लग्नात भेटल्या होत्या तेव्हा. तुम्ही सांगाल म्हणून वाट बघत होते मी." तिनं घड्याळं कंदिलाजवळ नेली. "दोन्हींतली वेळ बघून ठेवली आहे. हे त्यांचं ना? हे तीन मिनिटं मागे आहे. पुढं करू का?"

"नको," मी म्हणालो. "राहू दे तसंच."

ती आता माझ्याकडे वळली. मग दोन्ही घड्याळं माझ्या छातीवर ठेवली, कंदील उचलला आणि जिन्याकडे जाता जाता म्हणाली, "मग भांडत बसा दोघं. मी भाकरी टाकते. पण जेवायला मात्र रेडिओच्या वेळेनं खाली यायचं."